जुना कार्बोरेटर भंगारात नको, वर्गात हवा



तरंगणे-बुडणे हा पाठ आपण सगळेच घेतो. लाकूड तरंगतं, खिळा बुडतो, मुलं तक्ता भरतात आणि पाठ संपतो. पण तरंगण्याचा उपयोग काय, हे राहूनच जातं. म्हणून माझं मत असं, की या पाठाला मोटारसायकलचा जुना कार्बोरेटर जोडावा.

त्याची रचना सोपी आहे. खालच्या बाजूला एक छोटी वाटी असते. टाकीतलं पेट्रोल नळीतून तिथे उतरतं. वाटीत पोकळ फ्लोट असतो. पेट्रोल वाढलं की फ्लोट वर उचलला जातो आणि एक टोकदार सुई ढकलून पेट्रोलची वाट बंद करतो. इंजिनाने पेट्रोल ओढलं की पातळी उतरते, फ्लोट खाली येतो, वाट उघडते. गच्चीवरच्या टाकीतला बॉलकॉकही हेच करतो.

पातळी थोडी चुकली तरी गाडी सांगते. जास्त झाली तर काळा धूर आणि प्लग काळा. कमी झाली तर वेग घेताना गाडी अडखळते. सुईपाशी कचरा अडकला, किंवा फ्लोटला भोक पडून तो जड झाला, तर पेट्रोल बाहेर गळतं. बऱ्याच कार्बोरेटरमध्ये फ्लोटवरची इवलीशी पत्ती किंचित वाकवून मेकॅनिक ही पातळी बसवतो. कार्यकारणभाव शिकवायला याहून चांगलं उदाहरण कोणतं?

काही जण म्हणतील, प्राथमिकच्या मुलांना हे जड जाईल. पण इथे सूत्र नाही, गणित नाही. मेकॅनिककडून कार्बोरेटर धुऊन, कोरडा करून घ्यायचा. वाटी काढून ठेवायची. पेट्रोलच्या तोंडाला नळी लावून वर पाण्याची बाटली धरायची. पाणी ठिबकतं. मुलाने बोटाने फ्लोट उचलला की थांबतं. वर्गात पेट्रोल मात्र अजिबात आणायचं नाही.

हे आत्ताच करायला हवं. 1 एप्रिल 2020 पासून बीएस-6 नियम आले आणि बहुतेक नव्या दुचाकींत कार्बोरेटरच्या जागी फ्युएल इंजेक्शन आलं. तिथे पेट्रोल किती सोडायचं हे इलेक्ट्रॉनिक यंत्रणा ठरवते. ते मुलाला डोळ्यांनी दिसत नाही. कार्बोरेटरमध्ये सगळं दिसतं.

आणखी एक गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. आपल्या वर्गात गॅरेजवाल्यांची मुलं असतात. "अभ्यास कर, नाहीतर गॅरेजात बसशील," असं आपण त्यांच्यासमोर सहज बोलून जातो. त्या मुलाच्या वडिलांना एक दिवस वर्गात बोलवा. पत्ती वाकवून पातळी कशी बसवतात, ते त्यांनाच दाखवू द्या. विज्ञान पुस्तकाबाहेरही असतं हे सगळ्या वर्गाला कळेल, आणि त्या मुलाची मान ताठ होईल.

जवळच्या गॅरेजात विचारून बघा. निकामी कार्बोरेटर बहुधा फुकटही मिळेल.