दुबळ्या संघाच्या वाट्याची ओळ
या आठवड्यात पेपरात एका आंतरराष्ट्रीय रग्बी सामन्याचं भाकीत वाचलं. बलाढ्य संघाला तीन परिच्छेद आणि दुबळ्याला शेवटी जेमतेम एक ओळ. जतकर मंडळी, आपल्याला हा हिशेब कसा पटावा? आपल्याकडे जत्रेच्या फडात नामांकित मल्लासमोर गावाकडचं नवखं पोर उभं राहिलं, की बघणारे आधी त्या पोराच्या मांड्या निरखतात. १९५२ मध्ये हेलसिंकी ऑलिंपिकला निघालेल्या गोळेश्वरच्या पैलवान खाशाबा जाधवांनाही फारसं कुणी पदकाचा दावेदार म्हणत नव्हतं. ते कांस्यपदक घेऊन आले. रग्बीतही तेच. २०१५ च्या विश्वचषकात ब्रायटनला जपानची गाठ दोनदा जगज्जेत्या ठरलेल्या दक्षिण आफ्रिकेशी होती. त्याआधी विश्वचषकात जपानने जिंकलेला सामना एकच, तोही १९९१ मध्ये. अखेरच्या क्षणी पेनल्टी किकचे तीन गुण घेतले असते तर बरोबरी नक्की होती. जपानने ती नाकारली, चेंडू रेषेपलीकडे टेकवला आणि ३४-३२ असा सामना जिंकला! लांब कशाला, २०१९ मध्ये पुण्याच्या वाहबिझ भरूचाच्या नेतृत्वाखाली भारतीय मुलींनी मनिलात सिंगापूरला २१-१९ असं हरवलं. पंधराजणींच्या रग्बीतला हा त्यांचा पहिलाच आंतरराष्ट्रीय विजय. आपल्यापैकी कितीजणांनी तो वाचला? माझं मत स्वच्छ आहे: ज्या भाकितात दुबळ्या संघाची तयारी सांगितलेली नाही, ते अर्धवट आहे. पुढचा सामना बघाल, तेव्हा आधी दुबळ्या संघाची नावं वाचा.