दप्तर दावेदाराच्याच कपाटात

मंगळवारी, २४ जून २०२५ रोजी, राज्य मंत्रिमंडळाने पवनार ते पत्रादेवी या शक्तिपीठ महामार्गाचे भूसंपादन आणि आखणी यांसाठी २० हजार ७८७ कोटी रुपयांच्या तरतुदीला मान्यता दिली. २६ जून ही राजर्षी शाहू महाराजांची जयंती. कोल्हापूरच्या दसरा चौकातल्या त्यांच्या पुतळ्याला हार घालायला सगळ्याच पक्षांचे लोक येतात. महामार्गाला होकार देणारेही आणि नकार देणारेही.

त्याआधी, २०२४ मध्ये विधानसभा निवडणुकीच्या तोंडावर, या महामार्गासाठीची कोल्हापूर जिल्ह्यापुरती भूसंपादनाची अधिसूचना रद्द झाली होती. कागल-करवीरच्या शेतकऱ्याने त्यावर विश्वास ठेवला, पण पुरता नव्हे. मोजणीआधीच सातबारावर काय उमटू शकते, हे त्याला माहीत आहे. दूधगंगा-वारणा धरणांच्या लाभक्षेत्रात ‘इतर हक्क’ या रकान्यात धरणग्रस्तांच्या पुनर्वसनाचा शिक्का बसला, की विक्री अडते, वाटणी अडते, मुलीच्या लग्नासाठी गुंठाभर जमीन काढायची तरी प्रांत कचेरीच्या पायऱ्या झिजवाव्या लागतात. दुसऱ्या बाजूला धरणग्रस्त पर्यायी जमिनीसाठी जिल्हाधिकारी कार्यालयासमोर ठिय्या देऊन बसतो. एकाची जमीन सुटत नाही, दुसऱ्याला ती मिळत नाही, आणि दोघांच्या मधला कागद सरकारच्या कपाटात पडून असतो.

या वादांची चर्चा नेहमी मोबदल्याच्या दरापाशी येऊन थांबते. दर महत्त्वाचा आहेच. पण त्याआधीचा प्रश्न असा, की जमीन कुणाची हे ठरवणार कोण? महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम २० नुसार खासगी माणूस आणि सरकार यांच्यात मालकीचा वाद उभा राहिला, तर चौकशी करून निकाल देतो तो जिल्हाधिकारी, म्हणजे सरकारचाच अधिकारी. तो निकाल मान्य नसेल तर एका वर्षाच्या आत दिवाणी दावा लावायचा; वर्ष उलटले की दार बंद. हक्कनोंदणीतली नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानायची असे कलम १५७ सांगते, आणि ती नोंद करतात महसूल खात्यातलेच लोक. मुदतीचा कायदा पाहा. गेलेला ताबा परत मागायला तुम्हा-आम्हाला १२ वर्षे, सरकारला ३०. 

जमिनीच्या दप्तराची ही ताकद शाहू महाराजांना पुरती कळली होती. १९१८ साली त्यांनी कोल्हापूर संस्थानातले कुलकर्णी वतन खालसा करून पगारी तलाठी नेमले, त्यांत महार समाजातले तरुणही घेतले. गावाच्या जमिनीत ज्यांचे हितसंबंध आहेत त्यांच्याच घरात पिढ्यान् पिढ्या गावाचे दप्तर राहू नये, हा त्यामागचा रोख. त्याच वर्षी महार वतनाच्या जमिनी रयतावा, म्हणजे कसणाऱ्याच्या नावच्या, करून दिल्या. आणि हा राजा जमीन घेण्याच्या विरोधात नव्हता. भोगावतीवर राधानगरीचे धरण त्यानेच आरंभले. त्यामुळे जयंतीच्या सभांत ‘महाराज असते तर महामार्ग होऊच दिला नसता’ असे कुणी म्हणाले, तर ते सोयीचे बोलणे आहे. कुलकर्णी गेला, तलाठी आला, पुढे त्या तलाठ्याला नेमणारे राज्य सरकारच जमिनीचे सर्वांत मोठे दावेदार झाले, आणि दप्तर पुन्हा दावेदाराच्या हाती गेले.

दुसरी बाजू डोळ्यांआड करून चालणार नाही. गायराने आणि देवस्थानच्या इनाम जमिनी धनदांडग्यांनी कशा पचवल्या, हे या जिल्ह्याला ठाऊक आहे. तिथे सरकारने हक्क सांगितलाच पाहिजे. पण सांगणे वेगळे, स्वतःच निवाडा देणे वेगळे. हिमाचल प्रदेशात एका निरक्षर वृद्धेची जमीन सरकारने १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी संपादनाशिवाय घेतली आणि पुढे न्यायालयात प्रतिकूल ताब्याचा, म्हणजे वर्षानुवर्षांच्या ताब्यामुळे जमीन आपलीच झाली असा, दावा केला. जानेवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला: कल्याणकारी राज्य आपल्याच नागरिकाच्या जमिनीवर असा हक्क सांगू शकत नाही. तोवर पन्नासेक वर्षे गेली होती.

२०१३ च्या भूसंपादन कायद्यात मोबदल्याच्या तक्रारींसाठी जिल्हा न्यायाधीशाच्या दर्जाच्या व्यक्तीकडे प्राधिकरण सोपवण्याची तरतूद आहे. मालकीच्या वादासाठी तसेच प्राधिकरण नेमायला हरकत काय? कलम २० ची चौकशी जिल्हाधिकाऱ्याकडून काढून तिथे न्यावी आणि ‘इतर हक्क’मधल्या प्रत्येक शिक्क्याला मुदत घालावी.  कोल्हापूरच्या दहा आमदारांपैकी कुणीतरी निदान एवढी माहिती विधिमंडळात सभागृहाच्या पटलावर मागावी: जिल्ह्यातल्या किती गटांवर असे शिक्के आहेत, कोणत्या प्रकल्पासाठी, कोणत्या वर्षापासून, आणि त्यांतल्या किती जमिनींची आता कुणालाच गरज उरलेली नाही.