बाजार खुला, तार एकच

युरोपांतील ऊर्जेचा बाजार खुला करण्याचा प्रयोग सुरू होऊन आतां जवळजवळ तीन तपें होत आलीं. इंग्लंडनें १९९० सालीं सरकारी वीजधंदा विकावयास काढिला. नॉर्वेनें १९९१ पासून बाजार खुला केला. १९९६ च्या निदेशानें युरोपीय संघानेंहि तोच मार्ग धरिला. आणि १ जुलै २००७ पासून संघांतील बहुतेक गृहस्थांस आपला वीजविक्रेता निवडण्याचा हक्क मिळाला. ‘स्पर्धा येईल व भाव उतरेल’ हा या प्रयोगाचा महामंत्र. आमच्या देशांतहि तो जपणारे पुष्कळ आहेत. म्हणून त्याची झडती घेणें आम्हांस अवश्य वाटतें.

मुळांत स्पर्धा आली कोठें? घरापर्यंत येणारी तार एकच. दुसरी कोणी ओढीत नाहीं, व ओढूंहि नये. गृहस्थापुरता बदलला तो बिलावरील शिक्का. इंग्लंडांत ज्यांच्यापाशीं ना वीजकेंद्र ना तार, अशा विक्रेत्यांची रीघ लागली. २०२१ सालीं वायूचे भाव भडकतांच वीसांहून अधिक विक्रेते बुडाले, आणि त्यांचे ग्राहक दुसरीकडे सोंपविण्याचा खर्च सर्वांच्या बिलांत चढला.

घाऊक बाजाराचा नियम असा, कीं मागणी पुरी करण्यास जें शेवटचें व सर्वांत महाग केंद्र चालवावें लागतें, त्याचाच भाव सर्वांस मिळावा. यांत स्वस्त केंद्र प्रथम चालतें, हा लाभ आम्ही नाकारीत नाहीं. परंतु तें शेवटचें केंद्र बहुधा वायूचें. म्हणून २०२२ सालीं वाऱ्याची व पाण्याची वीजहि वायूच्या भावानें विकली गेली. ‘हा युद्धाचा दोष, बाजाराचा नव्हे,’ असें कोणी म्हणेल. वायू महागला यांत युद्धाचा वांटा खरा. पण त्याची झळ वाऱ्याच्या विजेलाहि लागावी, ही व्यवस्था माणसांनींच लिहिलेली आहे.

मग संकटांत मंत्र कोणाच्या कामीं आला? २०२२ सालीं स्पेन व पोर्तुगाल यांनीं वीजकेंद्रांच्या वायूच्या भावास मर्यादा घातली. जर्मनीनें युनिपर ही कंपनी ताब्यांत घेतली. २०२३ सालीं फ्रान्सनें आपली वीजकंपनी पुन्हां पूर्णपणें सरकारी केली. २०२४ सालीं खुद्द संघानें नियम सुधारून दीर्घ मुदतीच्या करारांस उत्तेजन दिलें. नफा असेल तोंवर बाजार, आणि तोटा येतांच सरकार, यास आम्ही स्वातंत्र्य म्हणत नाहीं. ज्या व्यवस्थेंत जोखीम शेवटीं जनतेच्याच माथीं येते, तींत भाव ठरवितांना जनतेचा शब्दहि प्रथम असला पाहिजे.