आमच्याकडे लिबेरो नसतो

गेल्या जानेवारीत देवरी तालुक्यातल्या एका गावात रात्रीची व्हॉलीबॉल स्पर्धा बघायला गेलो होतो. धान निघून गेलेली बांधी, तिच्यात चुन्याच्या रेषा, दोन बल्ल्यांना ताणून बांधलेली नेट, वर चार हॅलोजन. माईकवरचा माणूस अर्धं मराठीत, अर्धं हिंदीत बोलत होता आणि दर पाच मिनिटांनी देणगीदारांची नावं वाचत होता. माझ्या शेजारी सोळा-सतरा वर्षांचा एक पोट्टा बसला होता. समोर मॅच चालू, पण त्याच्या फोनवर दुसरीच मॅच. रान ताकाहाशीची रील. जपानी पोरगा कोर्टच्या बाहेर पळतो, पाठमोरा झेपावतो, बॉल परत आत येतो, आणि खाली तीस हजार लाईक.

पोट्ट्याने विचारलं, "दादा, हा किती उंच आहे?"

"एकशे अठ्ठ्याऐंशी सेंटिमीटर. सहा फूट दोन इंच."

"म्हणूनच," तो म्हणाला, आणि रील वर सरकवली.

हा सगळा लेख त्या 'म्हणूनच'शी भांडण्यासाठी आहे. भांडण त्या पोट्ट्याशी नाही. त्याला हा शब्द ज्यांनी शिकवला त्यांच्याशी आहे. त्यात मास्तर आहेत, स्पर्धेला टी-शर्ट वाटणारे पुढारी आहेत, आणि मोबाईलवर 'हायक्यू' बघून डोळे पुसणारे तुम्ही-आम्हीही आहोत.

आधी उंचीचं मिटवून टाकू. सहा फूट दोन इंच म्हणजे गोंदिया जिल्ह्यात ताडमाड, पण जागतिक व्हॉलीबॉलमध्ये हा गडी बुटक्यांत मोडतो. पुरुषांची नेट २.४३ मीटरवर असते आणि पलीकडे दोन मीटरचे इटालियन, पोलिश, फ्रेंच उभे असतात. जपानचा युजी निशिदा १८७ सेंटिमीटरचा आहे. त्यांचा लिबेरो तोमोहिरो यामामोतो १७१ चा, म्हणजे पाच फूट साडेसात इंच. एवढ्या उंचीची पोरं सालेकशाच्या बाजारात कुठेही दिसतील. आणि याच टीमने २०२४ मध्ये नेशन्स लीगचं रौप्यपदक घेतलं. २०२३ मध्ये कांस्य घेतलं होतंच.

आता रान. आपल्या कानाला हे नाव जंगलाचं वाटतं, त्याच्या भाषेत त्या अक्षराचा अर्थ नीळ. जन्म २ सप्टेंबर २००१, क्योतो. प्राथमिक शाळेत दुसरीत असताना मोठा भाऊ व्हॉलीबॉल खेळायचा म्हणून हाही मागे लागला. पुढे माध्यमिक शाळेत उंची कमी पडली, तेव्हा तो काही काळ लिबेरो खेळला. लिबेरो म्हणजे वेगळ्या रंगाच्या जर्सीतला खेळाडू. तो नेटवर जाऊन मारत नाही, ब्लॉक करत नाही, सर्व्हिस आणि स्मॅश उचलणं हेच त्याचं काम. ही जागा १९९८ पासून आंतरराष्ट्रीय नियमांत आली. बुटक्या पोराला घरी पाठवण्याऐवजी त्याला काम देणारी ही जागा आहे. रानची उंची नंतर वाढली, पण रिसिव्हिंगचे हात तयार झाले होते. आज तो जगातल्या सगळ्यात भरवशाच्या रिसिव्हरांमध्ये गणला जातो, त्याचं मूळ बुटकेपणाच्या त्या वर्षांत आहे.

मग हिगाशियामा हायस्कूल. जपानमध्ये शाळांची एक राष्ट्रीय स्पर्धा असते, नाव 'वसंत हायस्कूल' आणि होते जानेवारीच्या थंडीत. टोकियोत, भरलेल्या हॉलमध्ये, टीव्हीवर. जानेवारी २०२० मध्ये हिगाशियामाने एकही सेट न गमावता ती जिंकली आणि रान सर्वोत्तम खेळाडू ठरला. लगेच राष्ट्रीय संघात निवड. २०२१ च्या टोकियो ऑलिम्पिकला तो १९ वर्षांचा होता, संघात सगळ्यात लहान. जपानचे पुरुष त्या वेळी २९ वर्षांनी उपांत्यपूर्व फेरीत पोचले. त्याच वर्षाच्या अखेरीस, अजून विद्यापीठात शिकत असताना, तो इटलीत पादोव्हाकडे गेला. तिथून मोंझा, २०२४ मध्ये मोंझा इटालियन लीगच्या अंतिम फेरीपर्यंत गेली आणि पेरुजाकडून हरली. मग तो मायदेशी परतला, सनटोरी या पेय बनवणाऱ्या कंपनीच्या टीमकडे, आणि २०२५ मध्ये नव्या एसव्ही लीगचं पहिलंच विजेतेपद त्यांनी घेतलं.

ही गोष्ट सांगितली की आपल्याकडचे वक्ते लगेच टेबलावर हात आपटतात. बघा पोरांनो, जिद्द बघा, मेहनत बघा, शिस्त तर जपान्यांच्या रक्तातच आहे! मला या वाक्याचा खरोखर राग येतो. कारण तीच गोष्ट पुन्हा वाचा आणि त्यातून रानला बाजूला काढा. काय उरतं? दुसरीतल्या मुलाला खेळायला जागा आणि बॉल. बुटक्यासाठी संघात स्थान. शाळेची टीम आणि तिला वर्षभर शिकवणारा कोणीतरी. टीव्हीवर दिसणारी शालेय स्पर्धा. विद्यापीठात राहून परदेशी खेळायची मोकळीक. खेळाडूला पगार देणारी कंपनी. यातलं एकही रक्तात नसतं. माणसांनी ठरवून, पैसा घालून उभं केलेलं असतं.

आणि शिस्तीच्या त्या कौतुकाला दुसरी बाजूही आहे. २३ ऑक्टोबर १९६४, टोकियो ऑलिम्पिक, जपानच्या बायकांनी सोव्हिएत संघाला हरवून सुवर्ण घेतलं. ती मॅच जपानमध्ये ६६.८ टक्के प्रेक्षकांनी टीव्हीवर पाहिली. त्या संघातल्या बहुतेक मुली निचिबो कंपनीच्या काइझुका इथल्या कापड गिरणीच्या टीममधल्या होत्या. दिवसा नोकरी आणि त्यानंतर रात्री उशिरापर्यंत सराव. त्यांचे कोच हिरोबुमी दाइमात्सू यांना लोक राक्षस म्हणायचे, आणि ते कौतुकाने. पडून, गडगडत बॉल उचलायची पद्धत त्यांनीच त्या मुलींकडून घोटून घेतली. जपानी शाळांच्या क्लबांमध्ये कोचने मारहाण करण्याची प्रकरणं पुढेही निघत राहिली, त्यावरून तिथे मोठे वाद झाले. तेव्हा जपान म्हणजे स्वर्ग असं मी म्हणत नाहीये. तो राक्षस आपल्याला नकोच आहे. पण गिरणीतल्या मुलींची टीम असू शकते, तिला कंपनी हॉल देऊ शकते, ही गोष्ट साठ वर्षांपूर्वीची आहे. आपल्या जिल्ह्यात बिड्या वळणाऱ्या बायका पिढ्यान् पिढ्या होत्या. त्यांना कोणी कधी खेळायला बोलावलं?

बरं, आपण नेहमीच मागे होतो असंही नाही. १९६२ च्या जकार्ता आशियाई खेळांत जपानला सुवर्ण आणि भारताला रौप्य. १९८६ ला सोलमध्ये भारताने कांस्य घेतलं आणि जपान पदकाबाहेर राहिला. त्या संघात केरळचा जिमी जॉर्ज होता, रानच्या कितीतरी आधी इटलीत खेळून आलेला. ३० नोव्हेंबर १९८७ ला इटलीतच रस्ता अपघातात तो गेला, वय ३२. नंतर? २०२३ च्या हांगझोऊ खेळांत आपण दक्षिण कोरियाला हरवलं, नाचलो, आणि पुढे जपानकडून ०-३ ने हरलो. तो जपानचा मुख्य संघ नव्हता. रान, इशिकावा वगैरे मंडळी घरी ऑलिम्पिक पात्रतेची तयारी करत होती. म्हणजे एकेकाळी आपण ज्यांच्या खांद्याला खांदा लावून उभे होतो, त्यांच्या दुसऱ्या फळीपुढे एक सेट जिंकता आला नाही. मधल्या सदतीस वर्षांत जपान्यांचं रक्त बदललं नाही आणि आपलंही नाही.

आता गोंदियाकडे या. शालेय क्रीडा स्पर्धा आपल्याकडेही आहेत: तालुका, जिल्हा, विभाग, राज्य. कागदावर शिडी अगदी छान दिसते. पण तालुक्याला पहिली मॅच हरली की शाळेचं वर्ष संपलं. पाऊण तासाचा खेळ, त्यासाठी पहाटे निघून एसटीने किंवा काळीपिवळीने जायचं, दुपारी मसालाभात खायचा, परत यायचं. (कोणी म्हणेल, जपानची वसंत स्पर्धाही बाद पद्धतीचीच असते. खरंय. पण तिथे एक हरली तरी उन्हाळ्यातली दुसरी असते, मधे सरावाच्या मॅच असतात, आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी तोच हॉल उघडा असतो.) जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शाळांत खेळाचा वेगळा शिक्षक नसतोच. ज्या वयात रान भावामागे हॉलमध्ये गेला, त्या वयात आमच्या पोराला नेट दिसते ती फक्त मंडईच्या दिवसांत, मोठ्यांच्या स्पर्धेत, बाहेरून.

मग मोठेपणी खेळ कशासाठी? प्रमाणपत्रासाठी. दहावी-बारावीला वाढीव गुण आणि सरकारी नोकरीत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण. या सवलती चांगल्या आहेत, मी त्यांच्या विरोधात नाही. पण खेळाची किंमत फक्त कागदाला आली की लोक कागदच बनवू लागतात. बनावट क्रीडा प्रमाणपत्रांची प्रकरणं राज्यात निघाली ती काही उगाच नाही. आणि खरा खेळणारा पोट्टा? एकोणीस पूर्ण झालं की तो व्हॉलीबॉल सोडून पहाटे डांबरी रस्त्यावर धावू लागतो. पोलीस भरतीत सोळाशे मीटर, शंभर मीटर आणि गोळाफेक आहे. रिसिव्हिंगला गुण नाहीत. ज्यांचं भरतीत होत नाही ते हैदराबादच्या गाडीत बसतात. जंगलपट्ट्यात पोलीस पोरांसाठी व्हॉलीबॉलच्या स्पर्धा घेतात, नेट-बॉल वाटतात, तेही चांगलंच. पण तिथे बॉल देण्यामागचा हेतू पोरं भलत्या वाटेला जाऊ नयेत एवढाच असतो. पोराने व्हॉलीबॉलपटू व्हावं म्हणून बॉल कोण देतो?

प्राइम व्हॉलीबॉल लीग आहे ना, असं विचाराल. आहे, फेब्रुवारी २०२२ पासून. मुंबईची टीम दुसऱ्या मोसमात आली. विदर्भाची नाही. काही आठवड्यांत लीग संपते. जपानच्या लीगमध्ये पहिल्या मोसमात पुरुषांच्या एकेका टीमने ४४ मॅच खेळल्या, ऑक्टोबरपासून एप्रिलपर्यंत, आणि बायकांच्या टीमनेही तितक्याच. आपल्या प्राइम लीगमध्ये बायका नाहीतच.

इथे मला एक मुलगी आठवते. माझ्या शाळेत होती, एक वर्ष मागे. उंची पाच फूट असेल-नसेल. मुलांच्या सरावाला सहावा गडी कमी पडला की सर तिला मागच्या ओळीत उभं करायचे आणि आमच्यातला सगळ्यात जोरात मारणारा चिडून जायचा, कारण ती सगळं उचलायची. दोन्ही हात जोडून, गुडघ्यात वाकून, एकदम शांतपणे. बॉल लिफ्टरच्या डोक्यावर जाऊन पडायचा. तालुक्याला मुलींची टीम गेली तेव्हा तिला बाकावर बसवलं. नेटवर हात पोचत नाही, रोटेशनमध्ये पुढे आली की अडचण होते, असं कारण. टीम पस्तीस मिनिटांत हरली. सगळे पॉइंट सर्व्हिस न उचलल्यामुळे गेले. लिबेरो नावाची जागा तेव्हा नियमात येऊन बरीच वर्षं झाली होती. आमच्यापैकी कोणाला ती माहीत नव्हती, सरांनाही नसावी. आजही आमच्याकडच्या गावच्या स्पर्धांत वेगळ्या रंगाची जर्सी मला दिसत नाही. सहा पोरं, सहाही मारायला टपलेली. पुढच्या वर्षी शाळेत मुलींची टीम झालीच नाही, दोघींची लग्नं ठरली होती. तिला घरी विचारलं गेलं, "कायले खेळतेस? भरतीत कामी येते का?" याला तिच्याकडे उत्तर नव्हतं, आमच्याकडेही नव्हतं.

पोटाचा प्रश्न आधी, खेळ नंतर, हे मला दर वेळी ऐकवलं जातं. ऐकवणाऱ्यांच्या हातात सहसा स्पर्धेच्या उद्घाटनाचा नारळ असतो. एका रात्रीच्या मंडपावर, माईकवर, पाहुण्यांच्या शालींवर आणि फोटो छापलेल्या टी-शर्टांवर जे जातं त्याचा हिशेब कोणीतरी एकदा मांडावा. जिल्ह्यात आठ तालुके आहेत. प्रत्येकाची मुलांची एक टीम, मुलींची एक टीम. धान निघाल्यापासून उन्हाळा लागेपर्यंत दर रविवारी मॅच, प्रत्येकाशी एकदा घरी, एकदा त्यांच्या गावी. एका टीमला १४ मॅच मिळतात, दोन्ही मिळून ११२. पंचांना भत्ता, पोरांना गाडीभाडं आणि जेवण, दर टीमला चार बॉल. हॉल नको, हॅलोजनही नको, दुपारचं ऊन जानेवारीत चांगलं असतं. शाळेतल्या पाऊण तासापेक्षा चौदा रविवार किती वेगळे हे खेळलेल्या माणसाला सांगायला लागत नाही. हरल्यावर पुढच्या रविवारी पुन्हा खेळता येतं, चूक दुरुस्त करता येते. यातून रान ताकाहाशी निघेल असं वचन मी देणार नाही. निदान कोणाचं 'म्हणूनच' खरं ते मैदानावर कळेल.

त्या रात्री अंतिम सामना दीड वाजता संपला. जिंकलेल्या टीमला ढाल आणि पाकीट मिळालं, पाहुणे जिद्दीवर बोलले. माझ्या शेजारच्या पोट्ट्याच्या फोनची बॅटरी संपली होती. हॅलोजन बंद व्हायच्या आत तो कोर्टात गेला, एका मित्राला नेटपलीकडे उभं केलं आणि म्हणाला, मार. मित्राने मारलं. बॉल त्याच्या मनगटावर आदळून सरळ वर गेला, नेटच्या कितीतरी वर, उजेडाच्या बाहेर. खाली येईपर्यंत आयोजकाने नेट सोडायला घेतली होती.