आधी मरा, मग या

धमकीची तक्रार घेऊन ठाण्यात गेलेल्या बाईला पहिला प्रश्न ठरलेला असतो : "पण त्यानं अजून काही केलंय का?" म्हणजे काय, तर करू दे त्याला आधी, मग या.

15 मे 2024. हुबळीत भल्या पहाटे घरात शिरून वीस वर्षांच्या एका मुलीला भोसकून मारलं. धमकीची गोष्ट आधीच पोलिसांच्या कानावर घातली होती, त्यांनी ती मनावर घेतली नाही, असं तिच्या आजीनं सांगितलं. मग एक इन्स्पेक्टर आणि एक महिला पोलीस निलंबित झाले. निलंबनाचा कागद निघतो तो मुलगी गेल्यावर. आजीनं त्याचं काय करायचं?

पोलीस म्हणतात, नुसती धमकी अदखलपात्र, आम्ही तरी काय करणार? बरं, बहुतेक वेळा तसं असेलही. पण धमकी ज्याची दिली तो खून तर दखलपात्र आहे ना! आणि दखलपात्र गुन्हा होण्याआधीच रोखणं हे पोलिसाचं कर्तव्य आहे, मर्जी नव्हे. जुन्या कायद्यात ते कलम 149 होतं, 1 जुलै 2024 पासून नव्या संहितेत 168 आहे. शांतता राखण्याचा बाँड लिहून घ्यायची सोय जुन्या 107 मध्ये होती, आता ती 126 मध्ये आहे. मुलीचा सारखा पाठलाग करणं तर सरळ दखलपात्रच. तिथं गुन्हा नोंदवावाच लागतो, हे सुप्रीम कोर्टानं 2013 मध्येच ललिता कुमारी खटल्यात सांगून ठेवलंय. कायदा तोकडा नाही हो, खुर्चीतला माणूस हलत नाही.

माणसं कमी आहेत म्हणे. अधिवेशन भरलं की आमच्या बेळगावात कोपऱ्याकोपऱ्यावर पोलीस दिसतात, तेव्हा ती कुठून येतात? आम्ही काही दारात बंदूकवाला मागत नाही. त्या पोराला बोलावून समज द्या, बाँड घ्या, रात्रीच्या गस्तीची गाडी आमच्या बोळातून एकदा जाऊ द्या. एवढंच.

सीमाभागातल्या बायकांची आणखी एक अडचण आहे. तक्रार कन्नडात लिहिली जाते, आणि आमच्यातल्या कितीतरी जणींना कन्नड बोलता येतं, वाचता येत नाही. माझ्या ओळखीच्या एका बाईंनी अशीच सही केली. घरी येऊन भाच्याला वाचायला दिली तर त्यात ‘घरगुती वाद’ लिहिलेलं! ठार मारण्याच्या धमकीचा शब्दही नाही. खबर लिहून झाल्यावर ती वाचून दाखवायची असते, गुन्हा नोंदवला की प्रत फुकट द्यायची असते. हे उपकार नाहीत. समजल्याशिवाय सही करू नका, कितीही डोळे वटारले तरी.

पण सगळा राग पोलिसांवर काढून भागणार नाही. ठाण्याची पायरी चढण्याआधीच आपले पंच आडवे येतात. "अक्का, मुलीचं लग्न व्हायचंय. क्षमा हा आपला धर्म." वा! क्षमावाणीला आपण क्षमा मागतो ती आपल्या हातून दुखावलेल्यांची. सुरी घेऊन फिरणाऱ्याला रान मोकळं करून द्यायला कुठल्या शास्त्रात सांगितलंय? गृहस्थाला संकल्पी हिंसा वर्ज्य, पण स्वतःच्या आणि आश्रितांच्या रक्षणासाठी घडणारी विरोधी हिंसा त्याला पूर्ण टाळता येत नाही, हे पाठशाळेतल्या पोरांनाही शिकवतात. आम्ही तर शस्त्रही उचलत नाही, ज्याला सरकारनं त्यासाठीच पगार दिलाय त्याला त्याचं काम करायला सांगतोय. पांजरपोळाला देणगी द्यायला पहिला हात यांचा, आणि शेजारची पोर भीतीनं कॉलेज सोडून घरी बसली तर यांना जीवदया आठवत नाही.

त्या बाईंना आम्ही चौघी जणी घेऊन परत गेलो. सोबत कन्नड वाचणारी एक शिक्षिका होती. साहेब नाहीत, म्हणाले. आम्ही बाकावर बसून राहिलो. अडीच तासांनी साहेब आले, आणि ‘जिवे मारण्याची धमकी’ हे शब्द कागदावर आले. शिक्षिकेनं ते दोनदा मोठ्यानं वाचून दाखवले, मगच बाईंनी सही केली.