शिक्षा संपली, हे सांगायचं कोणी?

प्रति,
गव्हर्नर, क्षमादान मंडळाचे सदस्य आणि विधिमंडळाचे सभासद,
फ्लोरिडा राज्य



नोव्हेंबर २०१८ मध्ये या राज्यातल्या जवळपास ६५ टक्के मतदारांनी राज्यघटनेच्या दुरुस्ती क्रमांक ४ ला कौल दिला. खून आणि लैंगिक स्वरूपाचे गंभीर गुन्हे वगळता, फेलनीची, म्हणजे गंभीर गुन्ह्याची, शिक्षा पूर्ण केलेल्या प्रत्येकाला मताचा हक्क आपोआप परत मिळेल, असा तो कौल होता. सुमारे १४ लाख माणसांना त्याचा लाभ होईल, असा अंदाज होता.

पुढच्याच वर्षी आपण कायदा केलात : दंड, नुकसानभरपाई आणि कोर्टाची फी चुकती झाल्याशिवाय शिक्षा पूर्ण झाली असं धरायचं नाही. न्यायाधीश ही थकबाकी दिवाणी देण्यात बदलू शकतात. पण वसुलीपुरतं दिवाणी ठरलेलं हे देणं मतदानाच्या वेळी मात्र पुन्हा शिक्षाच मानलं जातं. गुन्ह्याची झळ बसलेल्याची भरपाई बुडावी, असं मी म्हणत नाही. ती वसूल करायला दिवाणी मार्ग आहेत. त्यासाठी मत अडवून ठेवणं मला अन्यायाचं वाटतं.

त्याहून मोठा अन्याय असा की, आपण किती देणं लागतो हे अनेकांना कळतच नाही. जुन्या नोंदी वेगवेगळ्या काउंटींत विखुरलेल्या आहेत आणि कोणाकडे किती बाकी आहे, हे एका ठिकाणी सांगेल अशी व्यवस्था राज्याने कायदा करताना उभी केली नव्हती. न्यायाधीश रॉबर्ट हिंकल यांच्यापुढे २०२० मध्ये या कायद्याविरुद्धचं प्रकरण आलं, तेव्हा ८५ हजार मतदार-नोंदण्या छाननीसाठी पडून होत्या आणि ते काम २०२६ च्या आधी संपण्याची चिन्हं नव्हती. हिंकल यांनी सोपा मार्ग सांगितला : माणसाने राज्याला विचारावं आणि २१ दिवसांत उत्तर आलं नाही, तर त्याला नोंदणी करता यावी. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये वरच्या कोर्टाने सहा विरुद्ध चार मतांनी तो निकाल फिरवला. पण कोर्टाने सक्ती केली नाही म्हणून विधिमंडळाचे हात बांधले गेलेले नाहीत. तोच नियम आपण स्वतः कायद्यात आणू शकता.

ऑगस्ट २०२२ मध्ये बेकायदा मतदानाच्या आरोपाखाली २० जणांच्या अटकेची घोषणा झाली. आरोपानुसार त्यांचे गुन्हे घटनादुरुस्तीने वगळलेल्या प्रकारातले होते, म्हणजे त्यांना हक्क नव्हताच. पण त्यांच्यापैकी अनेकांना सरकारी कार्यालयाकडूनच मतदार ओळखपत्र मिळालं होतं. ओळखपत्र देताना यंत्रणेला जे कळलं नाही, ते या माणसांनी ओळखायला हवं होतं, असं कोणत्या न्यायाने म्हणायचं?

मी महाराष्ट्रात वाढले. भारतात कैद्याला तुरुंगात असेपर्यंत मत देता येत नाही. सुटल्यावर, निवडणुकीशी संबंधित काही गुन्हे सोडले, तर यादीत नाव असलं की मत देता येतं. दंड भरला का, असं मतदान केंद्रावर कोणी विचारत नाही. त्याने निवडणुकीची शान कमी झालेली नाही.

माझ्या मागण्या तीन आहेत. बाकी किती आहे हे लेखी सांगण्याची जबाबदारी राज्याने घ्यावी आणि मुदतीत उत्तर दिलं नाही तर तो नागरिक पात्र धरावा. सरकारी ओळखपत्रावर विश्वास ठेवून मत दिलेल्यावर खटला भरू नये. तिसरं, ज्यूरीत बसण्याचा आणि सार्वजनिक पद भूषवण्याचा हक्क २०१८ च्या दुरुस्तीत आलेला नाही. त्यासाठी आजही क्षमादान मंडळाकडे जावं लागतं आणि तिथे गव्हर्नरांचा नकार अंतिम असतो. शिक्षा संपलेल्यांना हे हक्कही कायद्याने मिळावेत. म्हणजे मंडळाला आपला वेळ खऱ्या माफीच्या अर्जांना देता येईल.

माफी ही सत्तेने दाखवलेली कृपा असू शकते. शिक्षा भोगून झाल्यावरचं नागरिकत्व ही कृपा नव्हे. ते मतदारांनी २०१८ मध्येच देऊन टाकलं आहे. आपण फक्त ते पोहोचवायचं आहे.

आपली,
फ्लोरिडातली एक मराठी मतदार