शेती गेली, मग शर्यतीचा बैल कशासाठी?

नवी मुंबईच्या गावांत नांगर जवळपास दिसतच नाही. पनवेल-उरण पट्ट्यातल्या आगरी घरांत शर्यतीचा बैल मात्र आजही दिसतो. त्याला वेगळा खुराक आणि इन्स्टावर त्याचे रील्सही. बाहेरच्याला हा पैशाचा माज वाटतो. पण प्रकरण तेवढंच नाही.

सिडको आली १९७० मध्ये. ठाणे, पनवेल, उरण तालुक्यांतल्या ९५ गावांची भातशेती आणि मिठागरं नव्या शहरासाठी गेली. जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालच्या आंदोलनात गोळीबार झाला, पाच जण हुतात्मा झाले. पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना आली. पण सरकारी कागदावर शेतकरी 'प्रकल्पग्रस्त' झाला तो झालाच. शर्यतीत मात्र पुकारा होतो मालकाच्या आणि गावाच्या नावाने. नोड किंवा सेक्टरच्या नाही!

म्हणूनच बंदी जिव्हारी लागली. ७ मे २०१४ ला सुप्रीम कोर्टाने शर्यती थांबवल्या. महाराष्ट्राने २०१७ मध्ये कायदा बदलला, तर हायकोर्टाने ब्रेक लावला. १६ डिसेंबर २०२१ ला अंतरिम परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने राज्याचा कायदा वैध ठरवला.

असाच खेळ अमेरिका-कॅनडाच्या सीमेवरच्या हौडेनोसौनी या मूळनिवासींचा: लॅक्रोस. तो त्यांच्यासाठी देवाने दिलेला खेळ. २०१० मध्ये त्यांचा संघ मँचेस्टरच्या विश्वस्पर्धेला जाऊ शकला नाही, कारण ब्रिटनने त्यांचे स्वतःचे पासपोर्ट नाकारले. आता लॉस एंजेलिस २०२८ ऑलिंपिकमध्ये त्यांना स्वतःच्या झेंड्याखाली खेळायचंय. जमीन आक्रसली की लोक खेळातून 'आम्ही आहोत' असं सांगतात, हे साम्य खरंच आहे.

पण तुलना इथेच अडते. लॅक्रोसमध्ये धावणारा माणूस स्वतःहून मैदानात उतरतो. बैलाला कोण विचारतं? २०१४ च्या निकालाचा गाभा हाच होता आणि २०२३ ने तो प्रश्न पुसलेला नाही. परंपरा आहे की नाही हे विधिमंडळाने ठरवावं, असं घटनापीठ म्हणालं. कायद्याने जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी सक्तीची आहे आणि बैलाला इजा करणं हा गुन्हा आहे. तरी काठी आणि शॉक लावल्याच्या तक्रारी येतातच, आणि त्या रील्समध्ये दिसत नाहीत.